सिस्टर होणारी आपली लेक घरून काय घेऊन जाते?

२०२५ साली बुद्धपौर्णिमा १२ मे रोजी आली. जागतिक परिचारिका दिनही त्याच तारखेला असतो, कारण फ्लॉरेन्स नाइटिंगेल यांचा जन्म १२ मे १८२० चा. देवळ्यात आमच्या वस्तीच्या विहारात सकाळची वंदना झाली, खीर वाटून झाली. सुट्टीवर आलेल्या तीन मुली ओट्यावर बसल्या होत्या. तिघीही नर्सिंग शिकतात. एक एएनएमला, दुसरी जीएनएमला शेवटच्या वर्षात, तिसरी बी.एस्सी. नर्सिंगच्या पहिल्या वर्षाला. वस्तीतल्या एका आजीने सहज विचारले, "काय गं पोरींनो, तिथं खरंच लोकांची घाण काढायला लावतात का?" दोघी हसल्या. पहिल्या वर्षाची मुलगी मात्र हसली नाही, खाली बघत राहिली.

आजीच्या त्या एका प्रश्नावर त्या दिवशी आम्ही दोन तास बोलत बसलो. मुलगी नर्सिंगला जाते तेव्हा तिच्यासोबत तिचे घर, तिची वस्ती, तिने लहानपणी पाहिलेला दवाखाना हे सगळे वॉर्डात जाते. ती पुढे कशी सिस्टर होईल, रुग्णाशी कशी बोलेल, या कामाकडे कोणत्या नजरेने पाहील, हे बरेचसे त्यावरून ठरते. उरलेले ठरते पहिल्या काही महिन्यांत वॉर्डात तिला काय अनुभव येतो त्यावरून. या दोन्हींत आपल्या घराचा वाटा आहे. म्हणून आरोग्याच्या या पानावर आज औषधाऐवजी आपल्या मुलींविषयी लिहीत आहोत.

आजीचा प्रश्न साधा नाही

आजीने तो प्रश्न टोमणा म्हणून विचारला नव्हता. तिच्या आईने गावात सुईणीचे काम केले होते. बाळंतपणात नाळ कापणे, वार पुरणे, रक्ताचे कपडे धुणे ही कामे गावोगाव अस्पृश्य मानलेल्या जातींच्या बायांच्या वाट्याला येत. बाळाला पहिला हात त्यांचाच लागायचा आणि दहा दिवसांनी त्याच घराच्या ओट्याखाली उभे राहून त्यांनी धान्य घ्यायचे. १९२७ च्या महाड परिषदेपासून बाबासाहेबांनी आपल्याला सांगितले की मेलेल्या ढोराचे मांस सोडा, गावाने माथी मारलेली हीन कामे सोडा, पोरांना शिकवा. आपल्या आजोबा-पणजोबांनी उपास काढले, पण ती कामे सोडली. आता नात शिकली आणि तिच्या हातात बेडपॅन आला, तर आजीच्या पोटात कालवणारच.

जीएनएमच्या मुलीने आजीला जे उत्तर दिले ते आम्ही इथे आमच्या शब्दांत मांडतो. बेडपॅन उचलताना सिस्टर घाण उचलत नाही, ती माहिती गोळा करते. शौच डांबरासारखी काळी आहे का? मग पोटात वर कुठेतरी रक्तस्राव होत असू शकतो. ऑपरेशन झालेल्या मोठ्या माणसाची लघवी तासाला साधारण ३० मिलिलिटरच्या खाली उतरली तर डॉक्टरांना लगेच कळवायचे असते. बाळंतिणीचे पॅड किती वेळात किती भिजले, हे बघणारी सिस्टर जागी असली तर बाई वाचते. हे सगळे वहीत, तक्त्यावर, वेळ टाकून लिहायचे असते. रात्री दोन वाजता डॉक्टर येतात तेव्हा ते आधी तोच तक्ता बघतात.

नाइटिंगेल यांच्या घरची गोष्टही इथे सांगण्यासारखी आहे. त्या इंग्लंडमधल्या श्रीमंत घरातल्या. त्यांनी नर्सिंग करायचे म्हटल्यावर घरच्यांनी विरोध केला, कारण त्या काळी तिथेही हे हलक्या बायकांचे काम समजले जाई. १८५४ मध्ये त्या क्रिमियाच्या युद्धात जखमी सैनिकांची शुश्रूषा करायला गेल्या. त्यांनी नुसती सेवा केली नाही, मेलेल्यांचे आकडे मांडले आणि दाखवून दिले की जखमांपेक्षा घाण पाणी, कोंदट जागा आणि साथीच्या रोगांनी जास्त सैनिक मरत आहेत. म्हणजे लाज श्रीमंताच्या घरालाही वाटली होती. ती लाज दूर झाली ती शिक्षणाने, नोंदीने आणि कामाच्या परिणामाने.

तेव्हा जातीने लादलेले काम आणि शिकून, परीक्षा देऊन, महाराष्ट्र परिचर्या परिषदेत नाव नोंदवून, पगार घेऊन केलेले काम यांत मोठे अंतर आहे. पण एक गोष्ट ध्यानात ठेवावी. वॉर्डातले बेडपॅन, उलट्या, ड्रेसिंगची घाण ही कामे सगळ्या विद्यार्थिनींना पाळीपाळीने मिळत असतील तर ते शिक्षण आहे. आडनाव बघून एकाच मुलीला मिळत असतील, तर ती जुनीच गावकी आहे, फक्त पांढऱ्या कपड्यातली. पहिली गोष्ट मान वर करून करायची, दुसरीला मान वर करून नाही म्हणायचे. हा फरक मुलीला घरातूनच कळला पाहिजे.

भगवंतांनी स्वतः काय केले

विनयपिटकात एक प्रसंग आहे. एक भिक्खू अतिसाराने आजारी होता आणि आपल्याच मलमूत्रात पडून होता. तो इतरांच्या काही उपयोगी पडत नव्हता, म्हणून कोणी त्याच्याकडे बघत नव्हते. भगवान बुद्ध तिथे आले, त्यांनी आनंदाकडून पाणी आणवले. बुद्धांनी पाणी ओतले, आनंदाने धुतले. मग एकाने डोक्याकडून, दुसऱ्याने पायाकडून उचलून त्याला मंचकावर निजवले. त्यानंतर संघाला बोलावून त्यांनी समजावले की आजाऱ्याची सेवा हीच माझी सेवा.

त्याच ठिकाणी चांगल्या शुश्रूषा करणाऱ्याचे पाच गुण सांगितले आहेत. औषध तयार करता यावे. रुग्णाला काय चालते, काय चालत नाही हे कळावे. लाभासाठी नव्हे, मैत्रीच्या भावनेने सेवा करावी. मलमूत्र, थुंकी, ओकारी काढताना किळस वाटू नये. आणि वेळोवेळी चांगले बोलून रुग्णाचे मन उभे करता यावे. आजच्या नर्सिंगच्या पुस्तकात वेगळे काय असते? ज्ञान, निरीक्षण, वृत्ती, स्वच्छता आणि संवाद. यातली पहिली दोन कॉलेज शिकवते. उरलेल्या तिन्हींची सुरुवात घरात झालेली असते.

आपल्या मुली काय घेऊन जातात

तिघींशी बोलताना आमच्या लक्षात आले की वस्तीतली मुलगी वॉर्डात रिकाम्या हाताने जात नाही.

पहिली गोष्ट, तिने आजारपण रुग्णाच्या बाजूने पाहिलेले असते. कांदा लागवडीच्या दिवसांत रोज बुडवून आईने केसपेपरसाठी रांग लावलेली, "उद्या या" ऐकून परत आलेली, रात्री वडिलांना घेऊन नाशिकला जायला गाडी मिळत नसलेली. एएनएमची मुलगी म्हणाली, "पेशंट उशिरा आला की मॅडम रागावतात, आधी का नाही आला म्हणून. मला माहीत असतं तो आधी का नाही आला." ही माहिती कोणत्याही पुस्तकात नाही.

दुसरी गोष्ट, भाषा. आपल्या कसमादे पट्ट्यात, म्हणजे कळवण, सटाणा, मालेगाव, देवळा भागात, घरोघर अहिराणी बोलतात. मोठ्या दवाखान्यात गेलेली म्हातारी माणसे बुजतात आणि गप्प होतात. जीएनएमच्या मुलीने सांगितले की एका आजीला सगळे "कुठं दुखतंय?" विचारत होते आणि आजी नुसती मान हलवत होती. हिने जवळ जाऊन विचारले, "आजी, काय व्हई राह्यनं तुले?" तेव्हा आजी बोलली, "माले दम लागस." मुलीने लगेच उशाची बाजू उंच केली आणि इन्चार्ज सिस्टरला बोलावले. कॉलेजात जी बोली बोलायची तिला लाज वाटत होती, तीच त्या रात्री कामाला आली.

तिसरी गोष्ट, हात. लहान भावंडे सांभाळलेली, आजारी आजीला अंघोळ घातलेली मुलगी परक्याच्या अंगाला हात लावायला कचरत नाही.

पण याच घरातून काही ओझीही जातात. इंग्रजीची भीती जाते. त्याहून मोठी भीती प्रश्न विचारण्याची. आपल्या माणसांना कचेरीत, दवाखान्यात, शाळेत काही विचारले की ओरडा बसतो. पोर हे बघत मोठी होते आणि शिकते की न कळले तरी मान हलवावी. पहिल्या वर्षाच्या मुलीने तेच केले होते. सिस्टरने इंग्रजीत काही सांगितले, हिला कळले नाही, ही "येस सिस्टर" म्हणाली आणि मग बाथरूममध्ये जाऊन रडली. त्या दिवशी ते काम साधे होते म्हणून निभावले. औषधाचे असते तर? नर्सिंगमध्ये औषध देण्याआधी पाच गोष्टी तपासायला शिकवतात. रुग्ण तोच आहे का, औषध तेच आहे का, मात्रा बरोबर आहे का, द्यायचा मार्ग बरोबर आहे का, वेळ बरोबर आहे का. यातली एक जरी कळली नसेल तर विचारलेच पाहिजे. इथे विचारणे म्हणजे अडाणीपणा नव्हे, ते रुग्णाचे संरक्षण आहे. बाबासाहेबांनी आपल्याला प्रश्न विचारायला शिकवले. आपली मुलगी वॉर्डात गप्प बसत असेल तर ती शिकवण कुठेतरी गळली.

आणखी एक ओझे रागाचे असते. आपल्या आईवर कोणीतरी ओरडले होते, हे मुलगी विसरत नाही. त्यातून दोन वाटा फुटतात. एक मुलगी ठरवते की मी कोणाच्या आईला असे बोलणार नाही. दुसरी मात्र गणवेश मिळाल्यावर स्वतःच तशी बोलू लागते, आणि बऱ्याच वेळा आपल्याच माणसांवर, कारण ती आता "त्या बाजूला" गेलेली असते. बाळंतपणाच्या खोलीत कळा देणाऱ्या बाईवर खेकसणाऱ्या सिस्टरमध्ये आपल्या वस्तीतली सिस्टर नसेल, असे आम्ही छातीवर हात ठेवून म्हणू शकत नाही. गरिबीतून आले म्हणून कोणी आपोआप दयाळू होत नाही. सोसलेले दुःख समजून घेतले तर त्यातून करुणा येते, नाहीतर नुसता कडूपणा उरतो.

वॉर्ड काय शिकवतो

विद्यार्थिनी पहिल्यांदा मरण पाहते तेव्हा ती अठरा-एकोणीस वर्षांची असते. त्या रात्री तिला कोणी जवळ घेतले की "रडतेस काय, पुढच्या खाटेकडे जा" म्हटले, यावर पुष्कळ अवलंबून असते.

इझाबेल मेंझिस नावाच्या अभ्यासक बाईंनी लंडनच्या एका मोठ्या रुग्णालयात परिचारिका विद्यार्थिनींचे निरीक्षण करून १९६० मध्ये एक निबंध लिहिला. त्यांना दिसले की रुग्णाला नावाने न ओळखता खाटेच्या नंबराने आणि आजाराने ओळखायची तिथे सवय होती. एका मुलीने एका रुग्णाचे सगळे बघायचे असे नव्हते. एकीने सगळ्यांचे तापमान घ्यायचे, दुसरीने सगळ्यांची अंथरुणे लावायची. त्यांच्या मते रुग्णालयाने ही पद्धत नकळत स्वीकारली होती, कारण त्यामुळे मुलींना दुःख आणि मरण यांची धग कमी लागेल असे वाटे. पण धग कमी झाली नाही, नुसती आत दडपली गेली. सुमारे एक तृतीयांश विद्यार्थिनी शिक्षण अर्धवट सोडत होत्या. आणि त्या कामाला नालायक म्हणून जात नव्हत्या, ज्यांना मनापासून काळजी घ्यायची होती अशाही त्यांत होत्या.

अमेरिकेत मार्लिन क्रेमर यांनी १९७४ मध्ये यावरच पुस्तक लिहिले. शाळेत शिकवलेली नर्सिंग आणि वॉर्डात दिसणारी नर्सिंग यांतला फरक बघून नव्या नर्सला जो धक्का बसतो, त्यातून बऱ्याच जणी नोकरी सोडतात किंवा आतून थंड होतात, असे त्यांनी मांडले.

हे लंडनचे, अमेरिकेचे झाले. आमच्या पहिल्या वर्षाच्या मुलीने तेच देवळ्याच्या विहारात बसून सांगितले. "तिथे सगळे बारा नंबर, पंधरा नंबर म्हणतात. मीपण म्हणायला लागले. एक दिवस बारा नंबरच्या खाटेवर आपल्याच भागातले एक काका होते. ते गेले. मला त्यांचं नावसुद्धा माहीत नव्हतं." मग ती म्हणाली की तिला शिक्षण सोडायचे आहे. घरी तिने हे सांगितले नव्हते. तिचे वडील तिथेच दाराजवळ बसले होते. मजुरीतून आणि उसनवारीतून त्यांनी तिची फी भरली आहे. ते काहीच बोलले नाहीत.

बोलल्या त्या एक निवृत्त सिस्टर, ज्या आता देवळ्यातच राहतात. त्या म्हणाल्या, "तुला त्यांचं नाव माहीत नव्हतं याचं तुला वाईट वाटलं ना? मग तू सिस्टर झालीस. आता रोज एका पेशंटचं नाव पाठ करायचं. पहिल्यांदा एक, मग दोन."

सावित्रीबाईंचे उदाहरण

१८९७ मध्ये पुण्यात प्लेगची साथ आली तेव्हा सावित्रीबाई आणि त्यांचे पुत्र डॉ. यशवंत यांनी हडपसर भागात रुग्णांसाठी दवाखाना चालवला. लोक घरच्या माणसालाही हात लावायला भीत होते. मुंढव्याच्या महारवाड्यातल्या पांडुरंग बाबाजी गायकवाड या मुलाला सावित्रीबाईंनी स्वतः पाठीवर घेऊन दवाखान्यात आणले. तो मुलगा वाचला. सावित्रीबाईंना लागण झाली आणि १० मार्च १८९७ रोजी त्या गेल्या.

त्यांनी नर्सिंगचा कोर्स केलेला नव्हता. पण १८४८ पासून शाळेच्या वाटेवर शेण आणि दगड सोसलेली ती बाई होती. त्या अनुभवाने त्यांना कडू केले नाही. कोणाला हात लावायचा आणि कोणाला नाही, हा हिशेबच त्यांनी मोडला. आपल्या मुली कॅप घालून, दिवा हातात घेऊन शपथ घेतात तेव्हा नाइटिंगेल यांच्याबरोबर सावित्रीबाईंचीही आठवण त्यांना कोणी करून द्यावी, असे आम्हाला वाटते.

घराने काय करावे

प्रवेशाआधी: एएनएम दोन वर्षांचा, जीएनएम तीन वर्षांचा, बी.एस्सी. नर्सिंग चार वर्षांचा अभ्यासक्रम आहे. सहा महिन्यांत नर्स करून देतो म्हणणाऱ्याच्या नादी लागू नका, त्या कागदावर परिषदेत नोंदणी होत नाही. संस्थेला मान्यता आहे का हे पैसे भरण्याआधी तपासा. जातीचा दाखला, पडताळणी आणि उत्पन्नाचा दाखला अकरावी-बारावीतच तयार ठेवा. महाडीबीटीवर भारत सरकारची मॅट्रिकोत्तर शिष्यवृत्ती आहे. वसतिगृहात जागा न मिळालेल्या अनुसूचित जाती व नवबौद्ध विद्यार्थ्यांसाठी डॉ. बाबासाहेब आंबेडकर स्वाधार योजना आहे. समाजकल्याण कार्यालयात जाऊन अटी विचारा.

फोनवर: "जेवलीस का, पैसे पुरतात का" एवढेच विचारून फोन ठेवू नका. "आज वॉर्डात काय पाहिलंस?" हेही विचारा. ती सांगेल तेव्हा मध्ये बोलू नका, उपदेश करू नका. रुग्णाचे नाव किंवा आजार ती सांगणार नाही, आणि तेच बरोबर आहे. पण तिला स्वतःला काय वाटले ते सांगायला एक जागा हवी.

घरी आल्यावर: बेडपॅनवरून चेष्टा नको. "आमची पोरगी दवाखान्यात कामाला आहे" असे तोंड लपवून सांगू नका. नाईट ड्युटी करून आलेल्या मुलीला लगेच चुलीपुढे बसवू नका, तिला झोपू द्या. आणि शेवटच्या वर्षात स्थळ आले म्हणून शिक्षण अर्धे तोडू नका. मुलगे नर्सिंगला जात असतील तर "हे बायकांचं काम" म्हणून त्यांचे पाय ओढू नका.

त्रास होत असेल तर: आडनावावरून टोमणे, जातीवरून कामे वाटणे, लॉकेटवरून किंवा निळ्या झेंड्यावरून बोलणे हे मुलीने सांगितले तर "सहन कर, दोन वर्षांचा प्रश्न आहे" म्हणू नका. आपल्या शेजारच्या जळगाव जिल्ह्यातल्या डॉ. पायल तडवी २२ मे २०१९ रोजी मुंबईत गेल्या. जातीवरून छळ झाल्याच्या आरोपांचे ते प्रकरण न्यायालयात गेले. तारीख, वेळ, शब्द लिहून ठेवायला मुलीला सांगा. प्राचार्यांकडे आणि अँटी रॅगिंग समितीकडे लेखी तक्रार द्या व पोच घ्या. गरज पडली तर समाजकल्याण कार्यालय आणि पोलीस ठाणे आहे. अॅट्रॉसिटीचा कायदा १९८९ पासून आहे, तो कागदावर ठेवण्यासाठी नाही. मन फार खचले असेल तर १४४१६ या टेली-मानसच्या मोफत क्रमांकावर कोणत्याही वेळी मराठीत बोलता येते.

आणि आपण रुग्ण म्हणून गेलो तर: विनयातच चांगल्या रुग्णाचेही गुण सांगितले आहेत. आपल्याला काय होते ते खरे सांगावे, औषध घ्यावे, पथ्य पाळावे. शिकाऊ सिस्टरचा हात थरथरला तर तिच्यावर ओरडू नका. ती कोणाची तरी लेक आहे आणि शिकते आहे.

शेवटी

त्या पौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशी पहिल्या वर्षाची मुलगी सकाळच्या एसटीने परत गेली. तिचे वडील बसस्टँडपर्यंत गेले होते. गाडी सुटताना ते तिला एवढेच म्हणाले, "रोज एक नाव मलापण सांगत जा." ती नाव सांगत नाही, ते नियमात बसत नाही. पण आठवड्यातून दोनदा फोन येतो आणि "आज अमुक वयाच्या एका बाबांना बरं वाटलं" एवढे ती सांगते. आता ती दुसऱ्या वर्षाला आहे.

आजीनेही तिचा प्रश्न बदलला आहे. परवा ती शेजारणीला सांगत होती, "आमची नात लोकांच्या अंगाचं वाचन करती." नर्सिंगची याहून चांगली व्याख्या आम्हाला सुचली नाही.

वाचक बंधू-भगिनींनो, आपल्या वस्तीतही नर्सिंग शिकणारी मुले-मुली असतील. येत्या १२ मे रोजी त्यांना विहारात बोलवा, पुढे बसवा. त्यांचा सत्कार करा, पण त्याआधी त्यांचे ऐका.

जयभीम! नमो बुद्धाय!